माप कोणाच्या हातात?

शेर, पायली, अधोली, चिपटे... 'आपल्या पूर्वजांची मापे' म्हणून ही यादी व्हॉट्सअॅपवर अधूनमधून फिरते. शब्द जरूर जपावेत. पण मित्रांनो, ते माप कोणाच्या हातात होते, हेही विचारले पाहिजे.

मण देशभर एक नव्हता. मुंबईचा जुना मण 28 पौंडांचा, बंगालचा 82 पौंडांहून जास्त. हा गोंधळ व्यापाऱ्याच्या फायद्याचा, गरिबाच्या तोट्याचा. ज्यांच्या वाट्याला बलुते आले, त्यांच्या हातात तर मापही नव्हते. वेठ वर्षभराची, आणि मोबदला खळ्यावर शेतमालक देईल तेवढा. बाबासाहेबांनी 1928 मध्ये मुंबई विधिमंडळात महार वतनाचे विधेयक मांडले, ते या गुलामीविरुद्ध. पुढे व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खाते सांभाळताना कारखान्यातला कामाचा आठवडा 54 तासांवरून 48 तासांवर आणणारे विधेयक त्यांनी 1946 मध्ये मांडले. परळ-लालबागच्या गिरणी कामगाराच्या श्रमालाही कायद्याचे माप असते, हा त्याचा अर्थ.

ऑक्टोबर 1958 पासून देशात किलो-मीटर टप्प्याटप्प्याने लागू झाले. काहींना ही पद्धत परकी वाटते. पण किलो जात पाहत नाही. दादरच्या बाजारात शेठला आणि सफाई कामगाराला तो सारखाच मिळाला पाहिजे, आणि कमी भरला तर तक्रार करता येते. बलुत्यात ही सोय नव्हती.

आज प्रश्न घराच्या मापाचा आहे. नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि वरळीच्या बीडीडी चाळींत आपल्या पिढ्या 160 चौरस फुटांच्या खोलीत वाढल्या. पुनर्विकासात 500 चौरस फुटांचे घर ठरले, तेही रहिवाशांनी संघर्ष केला म्हणून. इतर चाळींत बोलणी सुरू होतात, तेव्हा बिल्टअप, सुपर बिल्टअप असे शब्द पुढे केले जातात. भिंती, जिना, लॉबी धरून आकडा फुगतो, राहायची जागा मात्र तेवढीच. 2016 च्या रेरा कायद्यात चटई क्षेत्राची व्याख्या स्पष्ट आहे: घराच्या आतली वापरण्याजोगी जागा, बाहेरच्या भिंती आणि बाल्कनी वगळून.

म्हणून सही करण्याआधी चटई क्षेत्र चौरस मीटरमध्ये लिहून घ्या. 500 चौरस फूट म्हणजे 46.45 चौरस मीटर. ताबा घेताना वस्तीतल्या शिकलेल्या मुला-मुलींनी टेप घेऊन प्रत्येक खोली मोजावी. आपल्या हक्काचे माप आता दुसऱ्याच्या हातात द्यायचे नाही.

जय भीम!