पुण्याचा संघ हैदराबादला, तिथून दिल्लीला: फुटबॉल क्लब शहर बदलतो तेव्हा काय होतं?

नागाव असो की रायगडच्या किनाऱ्यावरचं दुसरं कुठलं गाव, तिथला कबड्डी संघ गावाचा असतो. खेळाडू बदलतात, कधी पैसे कमी पडतात, पण संघ उचलून कुणी दुसऱ्या गावी नेत नाही. व्यावसायिक लीगमध्ये मात्र असं घडतं. महाराष्ट्रातलं ठळक उदाहरण म्हणजे एफसी पुणे सिटी.

नेमकं काय झालं?

2014 मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाली, तेव्हा पहिल्या 8 संघांत पुणे होतं. घरचे सामने बालेवाडीला व्हायचे. 2017-18 मध्ये संघ उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला. पुढे क्लब आर्थिक अडचणीत आला आणि ऑगस्ट 2019 मध्ये त्याची जागा नव्या मालकांच्या हैदराबाद एफसीने घेतली. त्याच महिन्यात दिल्ली डायनामोज भुवनेश्वरला गेला आणि ओडिशा एफसी झाला.

हैदराबादने मार्च 2022 मध्ये केरळ ब्लास्टर्सला पेनल्टीवर हरवून विजेतेपद मिळवलं. तरीही ऑक्टोबर 2025 मध्ये हा क्लब दिल्लीला हलला. आता त्याचं नाव स्पोर्टिंग क्लब दिल्ली. म्हणजे करंडक जिंकूनही शहराचा संघ टिकला नाही.

संघ हलवता कसा येतो?

फ्रँचायझी म्हणजे लीगमध्ये खेळण्याचा हक्क. तो मालकाचा असतो, शहराचा नाही. पुणे आणि हैदराबाद या दोन्ही ठिकाणी मैदानं सरकारी होती. त्यामुळे लीगची परवानगी मिळाली की मालकाला शहराशी बांधून ठेवणारं फारसं काही उरत नाही. प्रेक्षकाकडे तिकीट असतं, मत नसतं.

इतर देशांत काय होतं?

अमेरिकेतला सिएटल सुपरसॉनिक्स हा बास्केटबॉल संघ 2008 मध्ये ओक्लाहोमा सिटीला गेला. पण स्टेडियमचा करार 2010 पर्यंतचा होता. त्या जोरावर सिएटल कोर्टात गेलं. तडजोडीत शहराला साडेचार कोटी डॉलर मिळाले, संघाचं नाव आणि रंगही सिएटलकडेच राहिले. जर्मनीत बहुतेक क्लबांमध्ये निम्म्याहून जास्त मतं सभासदांकडे असतात. तिथे एकटा मालक असा निर्णय घेऊ शकत नाही.

पुण्याचं नुकसान काय?

2019 नंतर या लीगमध्ये महाराष्ट्राचा एकच क्लब उरला, मुंबई सिटी. पुणे सिटीची स्वतःची अकादमी होती. वरचा संघच गेला की तिथल्या मुलांना आपल्याच शहराकडून मोठ्या लीगमध्ये खेळण्याची वाट बंद होते.

म्हणून शहराचं नाव लावून नवा संघ येईल, तेव्हा जर्सीच्या रंगाआधी तीन गोष्टी विचाराव्यात: मैदानाचा करार किती वर्षांचा, संघ गेला तर नाव कुणाकडे राहणार आणि अकादमीतल्या मुलांची जबाबदारी कोण घेणार?