पाच वर्षांपूर्वीचं वीजबिल आज भरावं लागतं का? ‘दोन वर्षांच्या’ नियमाचा नेमका अर्थ

समजा, नाशिकच्या सातपूर किंवा अंबड औद्योगिक वसाहतीत तुमचा छोटासा गाळा आहे. बिलं वेळेवर भरलेली आहेत. एक दिवस महावितरणचं पत्र येतं: पाच वर्षं तुमच्या बिलात गुणक चुकीचा लागला, वापर निम्माच धरला गेला, आता फरक भरा, नाहीतर वीज तोडू. मग ओळखीतलं कुणीतरी हमखास सांगतं, “दोन वर्षांपेक्षा जुनं बिल भरायचंच नसतं.”

हे अर्धंच खरं आहे.

वीज कायदा, 2003 च्या कलम 56(2) नुसार रक्कम पहिल्यांदा देय झाल्यापासून दोन वर्षं उलटली, की ती वसूल करता येत नाही आणि तिच्यासाठी वीजही तोडता येत नाही. मात्र ती दरम्यानच्या बिलांत सतत थकबाकी म्हणून दाखवली असेल, तर हे संरक्षण मिळत नाही. त्यामुळे आलेलं बिल न भरता दोन वर्षं काढणाऱ्याला या कलमाचा उपयोग नाही.

पण जे बिल कधी आलंच नाही, ते ‘पहिल्यांदा देय’ कधी झालं? वापर झाला तेव्हा, की मागणी आली तेव्हा? सगळी भांडणं इथे आहेत.

मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठाने 12 मार्च 2019 रोजी महावितरणच्याच याचिकांवर याचं उत्तर दिलं. कंपनीने पहिल्यांदा मागणी केली, त्या तारखेच्या मागे दोन वर्षांपर्यंतच्या वापराचेच पैसे मागता येतील. म्हणजे आपल्या गाळेवाल्याची तीन वर्षं सुटली.

पुढच्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाचा अजमेर वीज वितरण कंपनीच्या खटल्यातला निकाल आला. बिल काढल्यावरच रक्कम देय होते, असं न्यायालयाने म्हटलं. प्रामाणिक चुकीमुळे राहिलेला फरक कंपनी दोन वर्षांनंतरही मागू शकते, पण त्यासाठी वीज तोडू शकत नाही. 2021 च्या ‘प्रेम कॉटेक्स’ खटल्यात तर वाद गुणकाचाच होता. हरियाणातल्या या कारखान्याला 10 ऐवजी 5 चा गुणक लावला गेला आणि नंतर सुमारे 1 कोटी 35 लाखांची मागणी आली. ही सेवेतली त्रुटी नाही, असं न्यायालयाने ठरवलं. साहजिकच ग्राहक 2019 च्या निकालाकडे बोट दाखवतो आणि कंपनी दिल्लीच्या निकालांकडे.

चुकीला नाव काय द्यायचं, हाही वादाचाच भाग असतो. मीटर सदोष ठरला, तर राज्य वीज नियामक आयोगाच्या नियमांनुसार जास्तीत जास्त तीन महिन्यांचा फरक घेता येतो. गुणक चुकला असेल, तर मीटर ठणठणीत आणि ही मर्यादा गेली. लाखोंचा हिशोब या एका शब्दावर फिरतो, म्हणून मीटर तपासणीचा अहवाल मागून घ्या.

निकाल लागेपर्यंत वीज चालू कशी ठेवायची? माझ्या मते छोट्या ग्राहकाच्या सर्वांत कामाची तरतूद कलम 56(1) मध्ये आहे आणि तिच्याबद्दल फार कमी बोललं जातं. वीज तोडण्याआधी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस लागते. शिवाय मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने निघणारं दरमहाचं शुल्क, यांपैकी जे कमी असेल ते निषेध नोंदवून भरलं, तर वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. निषेध लेखी हवा आणि त्याची पोच घ्यायला हवी.

त्यानंतर नाशिकमधल्याच ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे जाता येतं. तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षांत अर्ज करावा लागतो. मंचाचा निर्णय पटला नाही, तर 60 दिवसांत मुंबईच्या विद्युत लोकपालांकडे दाद मागता येते.

पत्रावर कलम 126 किंवा 135 लिहिलेलं असेल, तर मात्र हा रस्ता बंद. पहिलं अनधिकृत वापराचं, दुसरं चोरीचं. 126 खालच्या आकारणीवर 30 दिवसांत अपील करावं लागतं, तेही निम्मी रक्कम आधी भरून. त्यामुळे पत्र हातात पडलं, की रकमेआधी कलम वाचा.