बंडखोर कवी आणि नगराध्यक्षाची खुर्ची

वाङ्मय मंडळाच्या बैठकीत एमे सेझेरचा विषय निघाला तेव्हा एका मित्राने फटकन विचारले, "वसाहतवादाला झोडपणारा हा कवी छप्पन्न वर्षे नगराध्यक्ष कसा राहिला? आणि फ्रान्सच्या पार्लमेंटात जाऊन बसला कसा?" त्या दिवशी मला उत्तर देता आले नाही.

सेझेर १९१३ साली मार्तिनिक बेटावर जन्मला. तेथील गुलामगिरी १८४८ साली कायद्याने संपली, तरी ऊसमळे बव्हंशी गोऱ्यांच्याच हाती राहिले. शिष्यवृत्तीवर तो १९३१ साली पॅरिसला गेला. तेथे त्याला सेनेगलचा सेंघोर भेटला, आणि काळ्यांना हिणवण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या शब्दातूनच या पोरांनी 'नेग्रित्यूद' हा अभिमानाचा शब्द घडवला. १९३९ साली मायभूमीला परतण्यावरचे त्याचे दीर्घकाव्य प्रसिद्ध झाले. इथवर सारे आपल्या आवडीचे आहे.

अडचण पुढे येते. १९४६ साली मार्तिनिकसह चार जुन्या वसाहती फ्रान्सचे जिल्हे झाल्या, आणि तो कायदा पुढे नेण्यात सेझेरच अग्रभागी होता. ही शरणागती होय, असे पुष्कळांना वाटते. मला ते पटत नाही. ऊस तोडणाऱ्या माणसाला तेव्हा झेंड्याआधी फ्रान्समधल्या मजुराइतकी मजुरी आणि दवाखाना हवा होता. (पोटभर जेवलेल्याने त्याला क्रांती शिकवणे सोपे असते!) ते समान हक्क द्यायला पॅरिसने पुढे कित्येक वर्षे टाळाटाळ केली, हा दोष मागणाऱ्याचा कसा?

शिवाय खुर्चीने त्याची जीभ बांधली नाही. हिटलरने युरोपात केले ते युरोपने आशिया-आफ्रिकेत आधीच केले होते, असे त्याने १९५० साली, खासदार असतानाच, लिहिले. काळ्यांचा प्रश्न पक्षाच्या चौकटीत मावत नाही म्हणून १९५६ साली त्याने कम्युनिस्ट पक्ष सोडला. वसाहतींचे गोडवे शाळेत शिकवा, असे फ्रेंच कायद्याने सांगितले तेव्हा, २००५ साली, ब्याण्णव वर्षांच्या सेझेरने मंत्री सार्कोझी यांना भेट नाकारली. ते कलम पुढच्याच वर्षी रद्द झाले. २००८ साली तो वारला.

एक आक्षेप मात्र मला खोडता येत नाही. बेटावरचे लोक क्रेओल बोलत, आणि सेझेरने आयुष्यभर फ्रेंचमध्ये लिहिले. येथे त्याची वकिली करायला मी तरी अपात्र आहे. घरी आईशी मी अहिराणीत बोलतो, आणि हा लेख तिला वाचून दाखवीन तेव्हा निम्मे शब्द मलाच समजावून सांगावे लागतील.