शिवेपलीकडचे घर

शीव म्हणजे वेस, गावाची हद्द. मुंबई बेट एकेकाळी येथे संपत असे व पुढे साष्टीचा मुलूख लागे. त्या हद्दीचे नाव आजही स्थानकाला आणि वस्तीला चिकटून आहे. येथून कर्जतकडे जाणाऱ्या लोहमार्गावर पुढे, बऱ्याच दूर, वांगणी आणि शेलू ही स्थानके लागतात. गिरणी कामगारांना व त्यांच्या वारसांना तेथे घरे देण्याचे शासनाने ठरविले. त्यास विरोध करण्यासाठी 9 जुलै 2025 रोजी कामगार कुटुंबे आझाद मैदानावर जमली. घर हवे, परंतु ते मुंबईतच, असे त्यांचे म्हणणे होते.

डोक्यावर छप्पर मिळत असताना हा हट्ट कशासाठी, असा प्रश्न काही सज्जन विचारतात. त्याचे उत्तर अहवालांत शोधण्यापेक्षा जयंत पवार यांच्या लेखनात शोधावे, असे मला वाटते.

18 जानेवारी 1982 रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. तो संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही, आणि पुढे गिरण्यांच्या जागी मॉल व मनोरे उभे राहिले. स्वतः गिरणगावात वाढलेल्या पवारांनी ‘अधांतर’ हे नाटक लिहिले. ते 1997 साली रंगभूमीवर आले. त्यावरूनच महेश मांजरेकर यांचा ‘लालबाग परळ’ हा चित्रपट 2010 साली निघाला आणि त्याची पटकथा पवारांनी मांजरेकरांसह लिहिली. पवार 2021 साली आपल्यातून गेले.

या कथेत सभा, मोर्चे, पुढारी यांना फारशी जागा नाही. सारे धुरी कुटुंबाच्या खोलीत घडते. लेखक होऊ पाहणारा बाबा, क्रिकेटमध्ये गुंतलेला मोहन, टोळीच्या नादी लागलेला नरू, आपली वाट शोधणारी मंजू, आणि या सर्वांना एका ताटावर बसविण्यासाठी झिजणारी आई. यांपैकी कोणालाही कोणी घराबाहेर काढलेले नाही. खोली तीच आहे, चाळ तीच आहे. मात्र ज्या भोंग्यावर घराचा दिवस उगवत असे तो थांबला आहे. माणूस जागचा न हलताही विस्थापित होतो, हे पवारांनी दाखविले. मला तर हे त्यांचे सर्वांत मोठे निरीक्षण वाटते.

पॅलेस्टिनी चित्रपटांतही इतिहास कुटुंबाच्या तोंडून सांगण्याची हीच रीत दिसते. एलिया सुलेमान यांनी वडिलांची रोजनिशी आणि आईची पत्रे यांच्या आधारे 2009 साली नाझरेथमधील आपल्या घराण्याची कथा पडद्यावर आणली. नाझरेथ हे नाव आपण बालपणापासून ऐकतो, परंतु तेथील आजच्या शेजाऱ्यांची विचारपूस आपण क्वचितच करतो. शेरिन दाबिस यांच्या ‘ऑल दॅट्स लेफ्ट ऑफ यू’ (2025) या चित्रपटात 1948 साली याफातील संत्र्यांची बाग गमावलेल्या कुटुंबाच्या तीन पिढ्या आहेत. पिता व पुत्र यांच्या भूमिका बकरी या एकाच घराण्यातील अभिनेत्यांनी केल्या आहेत. ऑक्टोबर 2023 मध्ये युद्ध भडकल्याने चित्रीकरण सायप्रस, जॉर्डन व ग्रीस येथे हलवावे लागले. विस्थापनाची कथा सांगणारे पथकच विस्थापित झाले!

अर्थात दोहोंची बरोबरी करू नये. तेथे बंदुका होत्या, येथे भाडेपट्टे आणि नियमावलीतील दुरुस्त्या. मरणाऱ्यांची संख्या आणि परतीच्या बंद वाटा यांचा विचार करता पॅलेस्टिनींचे दुःख निराळ्याच मापाचे आहे. साम्य आहे ते सांगणाऱ्याच्या अडचणीत: ज्या जागेची आठवण सांगायची ती जागा दाखवायलाच उरलेली नाही.

खुद्द शीव कोळीवाड्यात फाळणीनंतर आलेल्या निर्वासितांची वसाहत वसली. आज तो भाग गुरू तेगबहादूर नगर म्हणून ओळखला जातो. जीर्ण ठरलेल्या तेथील इमारती पाडण्यात आल्या, रहिवासी भाड्याच्या घरांत पांगले आणि 2024 साली म्हाडामार्फत पुनर्विकासास मान्यता मिळाली. आजोबांनी कराची किंवा लाहोर सोडले, नातवाने शीव सोडले. या वसाहतीला तिचा पटकथाकार अद्याप भेटायचा आहे.

गिरणी कामगारांच्या घरांसाठी म्हाडाने पात्रता तपासणी चालविली, तेव्हा पुराव्यादाखल मागितलेली कागदपत्रे पाहण्यासारखी आहेत: गिरणीचे ओळखपत्र, तिकीट क्रमांक, लाल पास, हजेरीपत्र, पगाराची पावती. 1 जानेवारी 1982 रोजी किंवा त्यानंतर वडील कामावर होते, हे मुलांनी सिद्ध करावयाचे. पॅलेस्टिनी कुटुंबे हरवलेल्या घराची किल्ली जपून ठेवतात. आपल्याकडे ती जागा ट्रंकेच्या तळाशी ठेवलेल्या त्या लाल पासाने घेतली आहे.