बंद पडलेले खाते आणि चालता फोन

कंपनीने मोबाइलची एखादी ऑपरेटिंग सिस्टिम बंद केली, की ती संपली असे आपण धरून चालतो. ‘उबुंटू टच’ने हा समज खोटा ठरवला. कॅनॉनिकल या ब्रिटिश कंपनीने ती घडवली. २०१५ साली स्पेनच्या बीक्यू कंपनीने पहिला उबुंटू फोन विकायला काढला आणि एप्रिल २०१७ मध्ये कॅनॉनिकलचे संस्थापक मार्क शटलवर्थ यांनी हे काम थांबवल्याचे जाहीर केले. बाजाराच्या लेखी खाते बंद झाले.

मात्र या प्रणालीची मूळ आज्ञावली सर्वांना खुली होती. ‘यूबीपोर्ट्स’ या नावाने एकत्र आलेल्या स्वयंसेवकांनी ती उचलली. आज फेअरफोन ४ सारख्या, कितीतरी नंतर आलेल्या फोनवर ती चालते. जर्मनीच्या व्होला कंपनीचे फोन तर ती घालूनच विकत मिळतात. कॅमेरा, मोडेम चालवणारे ड्रायव्हर बहुधा अँड्रॉइडपुरतेच मिळतात. म्हणून ‘हॅलियम’च्या आधाराने अँड्रॉइडचा तेवढा पाया ठेवायचा आणि वर आपले घर बांधायचे, अशी ही युक्ती. विंडोज फोनची आज्ञावली कंपनीच्या कुलपात राहिली. जानेवारी २०२० मध्ये मायक्रोसॉफ्टने पाठबळ काढले आणि तिला वारस उरला नाही.

खरी अडचण पुढेच आहे. या जिवंत ठेवलेल्या फोनवरून बोलता येते, नकाशा पाहता येतो. बँकेचे दार मात्र उघडत नाही. बँकांची अ‍ॅप्स अँड्रॉइड आणि आयफोनसाठीच लिहिलेली असतात. ‘वेड्रॉइड’मधून अँड्रॉइडची अ‍ॅप्स आत चालवता येतात, पण गुगलच्या तपासणीची मोहोर नसेल तर अनेक बँका तिथेही नकार देतात.

माझी उमेदीची वर्षे बँकेत गेली. सावधगिरी मला परकी नाही. छेडछाड केलेल्या फोनमधून पिन चोरला जाऊ शकतो, हेही खरे. पण आम्ही काउंटरवर ताडून पाहत होतो ती खातेदाराची सही. ती कोणत्या कंपनीच्या पेनाने केली, हे कधी विचारले नाही.

साध्या फोनवाल्यांसाठी २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने ‘यूपीआय १२३पे’ सुरू केले. म्हणजे इच्छा असेल तर वाट काढता येते. तशीच वाट या फोनधारकांनाही मिळाली पाहिजे. नाहीतर फोनची पावती आपल्या नावावर आणि व्यवहाराची परवानगी परदेशातल्या दोन कंपन्यांच्या हाती, याला मालकी म्हणायचे की भाडेकरार?