शाहीर म्हणजे सभेचा भोंगा नव्हे

सभेची वेळ सहाची असते आणि वक्ते साडेसातला येतात. मधल्या दीड तासात शाहिराने गायचे, पांगलेली माणसे गोळा करायची आणि पुढारी व्यासपीठावर चढताच कडवे अर्धवट सोडून खाली उतरायचे, ही पुरोगामी चळवळीतील जुनी रीत आहे. दुसऱ्या दिवशीच्या वृत्तांतात भाषणांचे गोषवारे येतात. शाहिराच्या वाट्याला ‘प्रारंभी क्रांतिगीते झाली’ एवढे एकच वाक्य येते. शाहीर अमर शेख यांच्या जीवनाकडे पाहिले म्हणजे या रीतीने चळवळीचे केवढे नुकसान केले, याची कल्पना येते.

मेहबूब हुसेन हे त्यांचे मूळ नाव. 20 ऑक्टोबर 1916 रोजी बार्शी येथे एका गरीब मुसलमान कुटुंबात ते जन्मले. आई मुनेरबी हिच्या ओठी असलेली लोकगीते हीच त्यांची पहिली शाळा. पाणक्या, मोटारीवरचा क्लीनर, गिरणी कामगार अशी पडेल ती कामे त्यांनी केली. बार्शीच्या गिरणी संपात ते पुढे होते. त्यापायी तुरुंगवास घडला आणि तेथेच साम्यवादी विचाराशी त्यांची गाठ पडली. म्हणजे विचार आधी आणि गाणे मागाहून, किंवा गाणे आधी आणि विचार मागाहून, असा क्रम येथे लावताच येत नाही. दोन्हींचा उगम श्रमातच होता.

या तरुणाला ‘अमर शेख’ हे नाव मिळाले ते कोल्हापुरात. बाबुराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीपासून कोल्हापूर ही मराठी चित्रसृष्टीची कार्यशाळा होती. 1929 मध्ये ‘प्रभात’ येथेच स्थापन झाली आणि 1933 मध्ये ती पुण्यास गेल्यावरही येथील स्टुडिओ ओस पडले नाहीत. मास्टर विनायक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1936 मध्ये ‘हंस पिक्चर्स’ उभारली. विनायकांच्या या गोतावळ्यातच ग. दि. माडगूळकरांसारखा कवी उमेदवारी करीत होता आणि तेथेच बार्शीच्या या गिरणी कामगाराने काही काळ काम केले. आवाज होता, देहयष्टी होती, कवित्व होते. चंदेरी दुनियेत स्थिरावण्यास याहून अधिक काय लागते? परंतु शेख तेथे रमले नाहीत. त्यांना हवा असलेला प्रेक्षक तिकीट काढून अंधारात बसणारा नव्हता. तो उघड्या मैदानात उभा होता.

1944 मध्ये अण्णा भाऊ साठे, द. ना. गव्हाणकर आणि अमर शेख या तिघांनी ‘लाल बावटा कलापथक’ उभे केले. साठ्यांची लेखणी, गव्हाणकरांची रचना आणि शेखांचा पहाडी आवाज यांतून पोवाडा आणि तमाशा या जुन्या रूपांना नवा आशय लाभला. राजाच्या जागी कामकरी आला आणि गणगौळणीच्या चौकटीत सावकार व भांडवलदार उभे राहिले. या रंगमंचावर गाणे आणि अभिनय हे वेगळे धंदे नव्हतेच. शाहिराला हावभाव करावे लागतात, पात्रे उभी करावी लागतात, श्रोत्यांशी सवाल-जबाब करावे लागतात. म्हणूनच शेख पुढे ‘महात्मा फुले’ (1954) या आचार्य अत्र्यांच्या चित्रपटात आणि मधुकर पाठकांनी दिग्दर्शित केलेल्या ‘प्रपंच’ (1961) मध्ये पडद्यावर आले, तेव्हा ते परक्या प्रांतात गेले नाहीत. ‘प्रपंच’ची कथा माडगूळकरांची. पोराबाळांच्या ओझ्याखाली वाकलेला कुंभार शेखांनी त्यात उभा केला. दारिद्र्य त्यांना अभिनयाने शिकावे लागले नव्हते.

त्यांच्या आवाजाची खरी कसोटी संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात लागली. 1956 ते 1960 या काळात समितीच्या सभांना लोटणारा जनसमुदाय जितका वक्त्यांसाठी येत होता, तितकाच शाहिरांसाठीही येत होता. शंभराहून अधिक हुतात्म्यांचे दुःख व्याख्यानाने हलके होणारे नव्हते. ते गावेच लागत होते. 1 मे 1960 रोजी राज्य मिळाले. निपाणी आणि बेळगाव बाहेर राहिल्याची सल कोल्हापूरच्या सीमेवर आजही ताजी आहे. राज्य आल्यावर मानाची पदे वाटली गेली. शाहिरांच्या हाती त्यांचे डफ राहिले.

अशा माणसाची कलावंत म्हणून मोजदाद मात्र नीट झाली नाही. ‘अमरगीत’ (1951) हा गीतसंग्रह, ‘पहिला बळी’ हे नाटक, ‘कलश’ (1958) आणि ‘धरतीमाता’ (1963) हे काव्यसंग्रह एवढी त्यांची ग्रंथसंपदा आहे. अभिजनांच्या समीक्षेने ‘प्रचारकी’ हा शिक्का मारून ती बाजूला सारली, यात नवल नाही. नवल याचे की, चळवळीनेही त्यांच्या आवाजाचे कौतुक केले आणि शब्दांचा विचार केला नाही. अभ्यासवर्गांतून अर्थशास्त्र शिकविले गेले; शाहिराची कविता शिकविण्याजोगी आहे, असे फारसे कुणाला वाटले नाही. 18 जुलै 1969 रोजी अण्णा भाऊ गेले आणि अवघ्या सहा आठवड्यांनी, 29 ऑगस्टला, अमर शेख अपघातात गेले. एका पावसाळ्यात महाराष्ट्राचे दोन कंठ मिटले. पुढे त्यांच्या नावे सभागृहे आणि अध्यासने निघाली, हे उचितच झाले. पण जिवंतपणी शाहिराचा संसार कशावर चालतो, हा प्रश्न तसाच राहिला.

गाण्याचे सामर्थ्य सत्ताधाऱ्यांना मात्र नेहमीच कळले आहे. स्वातंत्र्यानंतर मुंबई सरकारने तमाशावर निर्बंध घातले. चिलीच्या लष्करशहांनी सप्टेंबर 1973 मध्ये गायक, कवी आणि नाट्यदिग्दर्शक व्हिक्टर हारा यांची हत्या केली. हातात गिटार असलेला माणूस त्यांना बंदूकधाऱ्याइतकाच धोकादायक वाटला. जुलमी राजवटींना जे उमगते, ते परिवर्तनवाद्यांना उमगू नये, ही केवढी विसंगती!

कुणी म्हणेल की, आता काळ बदलला. गर्दी जमविण्यास शाहीर लागत नाही. हा युक्तिवाद मूळ चूकच पुन्हा करतो. गर्दी जमविणे हे शाहिराचे काम कधी नव्हतेच. जमलेल्या गर्दीचा समाज करणे हे त्याचे काम होते. मेहबूब हुसेन नावाचा मुलगा अमर शेख होऊन शिवरायांचा पोवाडा गातो आणि हजारो मराठी माणसे त्याच्या मागे झील धरतात, तेव्हा शिवाजी कुणाचा, हा वाद उद्भवतच नाही. शाहू महाराजांचे, शाहीर लहरी हैदर आणि पिराजीराव सरनाईक यांचे कोल्हापूर हे जाणत होते. त्याच कोल्हापुरात 7 जून 2023 रोजी मोबाईलवरील काही मजकुरावरून दगड फेकले गेले, लाठीमार झाला, अश्रुधूर सोडावा लागला. व्यासपीठ रिकामे राहत नाही. शाहीर उतरला की तेथे दुसरे कुणी तरी चढते आणि तेही इतिहासच सांगते. फक्त द्वेषाच्या चालीवर.

तेव्हा पुतळ्याची आणि पुण्यतिथीची गोष्ट पुरे. तालुक्या-तालुक्यांतील शाहिरांना मानधन ठरवून द्यावे आणि ते वक्त्याच्या प्रवासखर्चाआधी चुकते करावे. वृद्ध शाहिरांचे कंठ ध्वनिमुद्रित व्हावेत. अभ्यासशिबिरांत शाहिरीला रात्रीच्या करमणुकीऐवजी सकाळचे सत्र मिळावे. आणि बिंदू चौकात पुढची सभा होईल तेव्हा पुढाऱ्यांनी वेळेवर येऊन शाहिराचे गाणे शेवटच्या कडव्यापर्यंत, खाली बसून ऐकावे. भाषण त्यानंतर करता येते.