मेघांचे एकत्र कुटुंब

चैत्र-वैशाखातील दुपार तापत जाते, क्षितिजावर पांढरे ढग कोबीच्या गड्ड्यांसारखे फुगू लागतात आणि तिसऱ्या प्रहरानंतर गडगडाटासह वळीव कोसळतो. बेळगाव असो, हैदराबाद असो वा माळवा असो, आपल्या घरांना हा अनुभव नवा नाही. पाऊस ओसरला की आपण सहज म्हणतो, 'ढग आला आणि बरसून गेला.' या वाक्यातील एकवचनाकडे वाचकांचे लक्ष वेधावे, असे आम्हांस वाटते. कारण वळवाविषयीच्या आपल्या गैरसमजाचे मूळ त्या एकवचनातच आहे.

गडगडाटी ढगाचे आयुष्य ते किती? दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४६ व १९४७ साली, अमेरिकेतील फ्लॉरिडा व ओहायो या राज्यांत होरेस बायर्स यांच्या नेतृत्वाखाली वैज्ञानिकांनी या प्रश्नाचा छडा लावला. त्यासाठी विमाने थेट अशा ढगांत घालण्यात आली. त्यांना आढळले ते असे, की गडगडाटी ढग एक किंवा अनेक पेशींचा बनलेला असतो व प्रत्येक पेशी तीन अवस्थांतून जाते. पहिल्या अवस्थेत उष्ण, दमट हवा वर चढते. दुसरीत चढती हवा आणि पावसासवे उतरणारी थंड हवा शेजारी शेजारी नांदतात. विजांचा व गारांचा जोर तो याच काळात. तिसऱ्या अवस्थेत उतरती हवा चढत्या हवेची वाट अडविते आणि ढग विरू लागतो. जन्मापासून अंतापर्यंत सारा कारभार साधारणतः तासाभरात आटोपतो.

मग काही वादळे रात्रभर गर्जत, जिल्ह्यामागून जिल्हे ओलांडीत जातात, ती कशी? याचे उत्तर त्या उतरत्या थंड हवेत आहे. पावसाचे थेंब वाटेत अंशतः सुकतात, त्यामुळे हवा गार व जड होऊन खाली येते आणि अंगणात घागर उपडी करावी तशी जमिनीवर चहूकडे पसरते. पाऊस येण्यापूर्वी दारे-खिडक्या आपटविणारा जो गार वारा आपल्या परिचयाचा आहे, तो बहुधा हाच. पुढे सरकताना तो समोरच्या उष्ण, दमट हवेखाली पाचरीसारखा शिरतो व तिला वर उचलतो. तेथे नवी पेशी जन्म घेते. विझणारा ढग असा आपल्या वारसाला जन्म देऊन जातो. जमिनीलगतचा वारा आणि उंचावरील वारा यांच्या दिशेत व वेगात पुरेसा फरक असेल, तर पाऊस चढत्या हवेपासून दूर पडतो, तिची वाट मोकळी राहते आणि हे कुळ दीर्घकाळ टिकते. पुढे पेशींची रांग उभी राहते. ती कधी कधी शेकडो किलोमीटर लांब असते. रांगेच्या पाठीमागे संथ पावसाचा रुंद पट्टा तासन् तास चालतो.

एका ढगाहून मोठी, परंतु मोसमी वाऱ्यांसारख्या विराट प्रवाहांहून लहान, अशी ही मधल्या आकाराची सृष्टी आहे. १९८० साली रॉबर्ट मॅडॉक्स यांनी उपग्रहांच्या छायाचित्रांवरून यांतील सर्वांत मोठ्या समूहांची लक्षणे ठरविली. त्यांच्या कसोटीनुसार अशा समूहाचे थंड मेघछत्र किमान एक लाख चौरस किलोमीटर भरावे आणि किमान सहा तास टिकावे. गोव्याचे क्षेत्रफळ सुमारे ३,७०० चौरस किलोमीटर आहे. म्हणजे एका छत्राखाली सत्तावीस गोवे सहज मावतील!

या मधल्या आकारामुळेच अंदाज बांधणाऱ्यांची कसोटी लागते. २६ जुलै २००५ रोजी सुरू झालेल्या चोवीस तासांत मुंबईतील सांताक्रूझ येथे ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, तर त्याच शहराच्या दक्षिण टोकास, कुलाब्यास, अवघा ७३ मिलिमीटर. त्या वेळी मुंबईत डॉप्लर रडार नव्हते. ते २०१० साली आले. रडारमुळे ढगांची हालचाल घटका-घटकेला दिसते हे खरे. तथापि पुढची पेशी नेमकी कोणत्या गावावर जन्मेल, हे कित्येक तास आधी सांगणे आजही कठीण आहे.

म्हणून काही जबाबदारी घराघरावरही येते. आपल्या देशात अलीकडच्या वर्षांत विजेने दरवर्षी अडीच हजारांहून अधिक माणसे दगावतात, आणि त्यांत शेतात वा झाडाखाली सापडलेल्यांची संख्या मोठी असते. पाऊस मंदावला म्हणजे धोका टळला, असे समजून माणसे बाहेर पडतात. परंतु मागच्या संथ पावसाच्या पट्ट्यातूनही वीज पडते, आणि पावसाच्या जागेपासून दहा किलोमीटरांवरही ती पडू शकते. गडगडाट कानी आला की पक्क्या घराचा आश्रय घ्यावा. झाडाखाली मुळीच थांबू नये. आणि शेवटचा गडगडाट ऐकल्यावर अर्धा तास लोटेपर्यंत बाहेर पडू नये. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेने तयार केलेले 'दामिनी' हे ॲप आसपासच्या विजेची सूचना देते. घरातील तरुणांनी ते शेतावर जाणाऱ्या वडीलधाऱ्यांच्या फोनवर आवर्जून बसवून द्यावे.

ढग एकटा येत नाही. त्याच्या मागे त्याचे गोत असते. मुलांना पाऊस जरूर दाखवावा. मात्र तो ओसरीवरून नव्हे, तर घराच्या आत बसून, आणि ते गोत पुरते निघून जाईपर्यंत त्यांना आतच ठेवावे.